आमच्यात नसतं

माय,

परवा माझ्या लेकीनं मला विचारलं, सुतक म्हणजे काय गं आई. आमच्या वरच्या मजल्यावरचे एक म्हातारे गृहस्थ वारले. त्यांच्याकडं सगळ्या बिल्डिंगमधून डबे चालले होते, मीही पिठलं-भाकरी करून दिली. लेक पुण्याला शिकते, सुट्टीला आली होती. तिला कळेना की घरात गॅस आहे, सून धडधाकट आहे, मग स्वयंपाक का होत नाही. मी सांगायला लागले की मरण आलं की काही दिवस त्या घराला विटाळ मानतात, ती माणसं देवाला शिवत नाहीत, त्यांच्या हातचं कुणी खात नाही. आणि मधेच बोलणं अर्धवट टाकून मी उठून बेसिनपाशी गेले. तिनं काय झालं विचारलं तर ठसका लागला म्हणाले. तिला त्या शब्दाचा अर्थ ठाऊक नव्हता. तुलाही नीट नव्हता. न कळल्यानं तिचं काही बिघडलं नाही, एवढाच काय तो फरक.

तू असताना नेमकं कधी सांगितलं नाही, मी गारखेड्यात राहते. होय, गारखेड्यातच, तू स्वयंपाकाला जायचीस त्या घरापासून हाकेच्या अंतरावर. बँकेनं कर्ज दिलं तिथं आम्ही फ्लॅट घेतला, त्यात माझी काही योजना नव्हती. पण भाजी आणायला निघाले की पाय आपोआप पलीकडच्या रस्त्यानं वळतात. त्या बंगल्याच्या जागी आता चार मजले उभे आहेत. खाली औषधाचं दुकान आहे आणि मागे जिथं तुळशीचं वृंदावन होतं म्हणायचीस, तिथं गाड्या लावतात. शहराचं नावही बदललं. पत्त्यावर नवं लिहितात, रिक्षावाल्याच्या तोंडात अजून जुनंच येतं, आणि दोन्ही नावांवरून भांडायला माणसं तयारच असतात. ऐकते आणि मला तुझी आठवण येते. तुझीही दोन नावं होती.

सकाळी तू पडेगावच्या आपल्या खोलीतून बाहेर पडायचीस तेव्हा कपाळावर बारीक टिकली असायची आणि गळ्यातल्या पोतीत फोटोचं लॉकेट. छावणीपर्यंत आपली माणसं भेटायची, कुणीतरी "जय भीम, वहिनी" म्हणायचं आणि तूही म्हणायचीस. क्रांती चौकात रिक्षा बदलायची. तिथं रसवंतीच्या आडोशाला उभी राहून तू लॉकेट काढून कमरेच्या पिशवीत टाकायचीस आणि डबीतलं कुंकू चांगलं रुपयाएवढं लावायचीस. एकदा परीक्षेच्या दिवसांत मी तुझ्याबरोबर चौकापर्यंत आले होते, तेव्हा हे पाहिलं. बोटाला राहिलेलं कुंकू माझ्या कपाळाला पुसलंस आणि जा म्हणालीस, पेपर नीट लिही.

एवढ्या लांबचं घर तू मुद्दाम धरलं होतंस. जवळपासच्या कॉलन्यांत तुला ओळखणारं कुणी ना कुणी निघायचं, मग "आमच्याकडं बाई आहे हो" असं उत्तर मिळायचं. भांडी घासायला चालत होतं, फरशी पुसायला चालत होतं, फक्त कणकेला हात लागता कामा नये. या घरातल्या वहिनींनी पहिल्या दिवशी दारातच विचारलं होतं, कोण तुम्ही? आणि तू म्हणालीस, मराठा. तेच तुझं दुसरं नाव झालं, एवढा एकच शब्द. तो एकदा बोलून गेलीस आणि मग पुढची सगळी वर्षं त्याची निगा राखत बसलीस. तिथं तू "हाय" म्हणायची नाहीस, "आहे" म्हणायचीस. एकादशीला भगर, संकष्टीला चंद्र उगवल्याशिवाय ताट नाही, चातुर्मासात वांगं नाही, हे सगळं तू कान आणि डोळे उघडे ठेवून शिकलीस. आरत्या तर त्यांच्या सुनेपेक्षा तुला जास्त पाठ होत्या. घरी भाकरी थापताना कधीतरी चुकून त्यातली चाल तुझ्या ओठावर यायची आणि आबा आत आले की गप्प व्हायचीस.

त्या घराचं वाईट बोलायचं म्हटलं तरी माझी जीभ रेटत नाही, कारण तूच कधी बोलली नाहीस. वहिनी तुला आधी चहा द्यायच्या आणि मग कामाला लावायच्या. त्यांचे गुडघे गेले तेव्हापासून महालक्ष्म्यांचा नैवेद्यही तुझ्यावरच सोपवलेला होता. पुरण, सोळा भाज्या, आंबील, सगळं. तू संध्याकाळी येऊन आम्हाला सांगायचीस की आज पोळी अशी फुगली, पाहुण्यांनी विचारलं कुणाच्या हातची. सांगताना तुझा चेहरा उजळायचा. आपल्या घरात मात्र त्या दिवशी पुरण शिजत नसे. त्या सणाची पोळी या घरात नको, हा आबांचा नियम. एखाद्या रविवारी उगाच कर, सणाला नको. आबांना मी दोष देत नाही. विद्यापीठाच्या नावासाठी या मराठवाड्यात माणसांची घरं जळाली, आबांच्या डोक्यावर लाठीचा वळ अखेरपर्यंत होता, तो ते नवीन माणसाला केस बाजूला करून दाखवत. एका नावासाठी ज्यांनी डोकं फोडून घेतलं, त्यांची बायको दुसऱ्या नावानं पोळ्या लाटत होती. तू स्वयंपाकाला जातेस हे त्यांना ठाऊक होतं. कोण म्हणून जातेस, हे त्यांनी कधी विचारलं नाही. विचारलं असतं तर उत्तर ऐकावं लागलं असतं.

सुतकाचं म्हणशील तर ते तुझ्या जन्माआधीच घरातून गेलं होतं. वैजापूरकडच्या तुझ्या माहेरी आजीनं धर्म बदलला तेव्हा देव नदीत सोडले आणि त्यांच्यामागून बाकीचंही सोडलं. आजी मला सांगायची की गावात कुणाच्या वाड्यावर मयत झाली की निरोप घेऊन पाहुण्यांच्या गावोगाव पळायचं काम आपल्या लोकांचं. ऊन असो, पाऊस असो. सरपणही आपणच फोडायचं, आणि निरोप सांगायचा तो दारापासून लांब उभं राहून. आजीचे शब्द मला जसेच्या तसे आठवतात. "दुसऱ्याच्या मौतीपायी आमचे पाय झिजले. आता कुनाचं सुतक नाय न् कुनाचा विटाळ नाय." ती हे सांगताना ताठ बसायची. तिच्या त्या घरात तू वाढलीस. तिथं माणूस मेलं की त्याला निरोप द्यायचा, वंदना म्हणायची, पाचव्या दिवशी चार माणसं बोलवून जेवू घालायचं आणि कामाला लागायचं. आबा तर त्यांची आई गेली तेव्हा दुसऱ्या दिवशी कारखान्यात हजर झाले होते आणि हे ते अभिमानानं सांगत. ते खोटं नव्हतं. बायकांनी मात्र रडायचं कधी, हे कुणी ठरवलंच नाही.

आजी गेली ती महालक्ष्म्यांच्या तोंडावर. तू वहिनींना फोन करून गावाकडं काम निघालंय एवढंच सांगितलंस, कारण माय गेली हे तुझ्या तोंडून निघेना. आपण सगळे गेलो, तिला अग्नी दिला, दुसऱ्या दिवशी परत आलो, आणि त्याच्या दुसऱ्या सकाळी तू उठून वेणी घालत होतीस. मी म्हणाले, आज नको ना जाऊ. तू म्हणालीस, "नैवेद्य हाय त्यांचा. वहिनीला एकलीला झेपत नाय. शब्द दिलाय म्या." मी तेव्हा अकरावीत होते, मला वाटलं तुला आजीचं फारसं काही वाटत नाही. लहानपणी काहीही वाटतं.

त्या दिवशी काय काय झालं ते सगळं तू मला पुष्कळ वर्षांनी एकदाच सांगितलंस, मेथी निवडता निवडता, मान वर न करता. पुरण शिजलं होतं आणि तू ते पुरणयंत्रातून काढत होतीस. आजीचे हात आठवले, म्हणालीस. ती हरभऱ्याची डाळ जात्यावर कशी भरडायची ते आठवलं आणि डोळ्यांतून पाणी थांबेना. वहिनी आत आल्या. त्यांनी तुझी हनुवटी धरून वर केली आणि काय झालं विचारलं. तू म्हणालीस, "माझी माय गेली, वहिनी." त्या बाईनं तुला जवळ घेतलं. तू त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडलीस. मला सांगताना तू इथं थांबलीस आणि म्हणालीस की तेवढंच रडले बघ मी, आजीसाठी, तेवढंच.

मग त्यांनी तुझ्या पाठीवरून हात फिरवत विचारलं, कधी गेली? तू म्हणालीस, परवा. त्यांचा हात पाठीवर थांबला. मग सैल झाला.

अगं तुला सुतक आहे, त्या म्हणाल्या, आणि तू पुरणाला हात लावलास? तुला वाटलं त्या तुझी काळजी करतायत. तू दमली असशील म्हणून म्हणतायत. तू डोळे पुसून त्यांनाच धीर दिलास, "त्याचं काही नाही वहिनी, आमच्यात नसतं." माय, किती सांभाळलं होतंस तू सगळं. कुंकू सांभाळलंस, बोली सांभाळलीस, संकष्टी सांभाळली. पण जी गोष्ट आपल्या घरात नव्हतीच, ती शिकायची राहिली हे तुला कळणार कसं? वहिनी म्हणाल्या की लेकीला तीन दिवस असतंच, उद्या आली असतीस तरी चाललं असतं. आणि मग तुझ्याकडं नीट बघून त्यांनी विचारलं, कुठल्या मराठ्यांत नसतं गं? खोटं बोलायला तुझ्यात त्राण राहिलं नव्हतं. तू घरच्यासारखी बोललीस. "आमी जयभीमवाले हाव, वहिनी."

त्या आरडाओरडा करणाऱ्यातल्या नव्हत्या. त्यांनी आधी गॅस बंद केला. मग म्हणाल्या, "आधी सांगितलं असतंस तर." तू विचारलंस, "तर ठेवलं असतं का?" त्यांनी पुरणाच्या पातेल्यावर झाकण ठेवलं. म्हणाल्या, देवाचं होतं गं. सून दारात उभी होती, तिनं विचारलं की एवढं सगळं गाईला तरी घालू का, तर वहिनींनी नको म्हणून मान हलवली. पुरणाचं पातेलं तूच उचललंस आणि मागे नेऊन रिकामं केलंस. आणि जाण्याआधी ते घासून पालथं घालून ठेवलंस. कशाला घासलंस गं? इतक्या वर्षांनीही मला सगळ्यात जास्त राग त्याचाच येतो. तू म्हणालीस, खरकटं पातेलं सोडून येणं बरं दिसत नाही.

घरी आलीस तेव्हा कपाळावर कुंकू तसंच होतं, चौकात पुसायचं विसरली होतीस. आबांची पहिली पाळी होती, ते येऊन बसलेले. काय झालं ते तू दोन वाक्यांत सांगितलंस. मला वाटलं ते त्या घरावर चिडतील. ते तुझ्यावर चिडले. "कुकू लावून दुसऱ्याच्या देवाचं रांधत व्हतीस? म्या विहारात कोन्या तोंडानं जाऊ?" तू माझ्याकडं बोट केलंस आणि म्हणालीस, "हिची शाळा याच कुकवावर झाली." त्यावर ते उठले. चपला घालून बाहेर निघून गेले. एका दिवसात तुला दोन घरांनी उभं केलं आणि दोन्ही घरांत बोलणं झालं ते तुझ्या कपाळाबद्दल. त्यांचा देव बाटला होता, आपली चळवळ बाटली होती. तुझी आई मेली होती हे कुणाच्या ध्यानातच नव्हतं. माझ्याही नव्हतं.

शेजारच्या आपाला मात्र होतं. ती आबांचा आवाज ऐकून आली, दारात चपला काढल्या आणि तुझ्याजवळ भिंतीला टेकून बसली. मी चहा टाकला. ती तुझा हात हातात घेऊन म्हणाली, "तीन दिन तो बैठना था ना गे. माँ गई तेरी. काम कां भागा जा रा था?" तू तिच्याकडं असं पाहिलंस, जणू ती एखाद्या लांबच्या गावाबद्दल बोलत होती. आपल्याला असं बसता येतं हे तुला कुणी सांगितलंच नव्हतं. वहिनींच्यात तीन दिवस होते, आपाच्यात तीन दिवस होते, आणि आपण ते विटाळाबरोबर नदीत सोडून दिले होते. सोडायलाच हवे होते, आजीचं बरोबरच होतं. पण त्या गाठोड्यात रडायची जागाही गेली, हे कुणी बघितलं नाही.

त्यानंतर तू वसतिगृहाच्या खानावळीत लागलीस, तिथं कुणी काही विचारत नव्हतं. कुंकवाची डबी कुठं गेली मला माहीत नाही. पुरण तू पुन्हा कधी घातलं नाहीस, सणाला नाही आणि रविवारीही नाही. मी पुष्कळदा विचार करते की यातली खरी तू कोणती होतीस. चौकाच्या अलीकडची की पलीकडची? सभांमधून मी ऐकलंय की माणसानं आपली ओळख ताठ मानेनं सांगावी. पटतंही. पण तुला ती आरती आवडायची गं. तुला त्या घरातला तो मोठा ओटा, उजेड येणारी ती खिडकी, पाहुण्यांनी केलेलं कौतुक आवडायचं. ते सगळं सोंग होतं असं म्हणायला माझं मन घेत नाही. आणि खरं होतं म्हणावं तर ज्या नावाचं कौतुक होत होतं ते तुझं नव्हतं. मला तुझ्यासाठी एकच घर हवं होतं, जिथं तू तुझ्या नावानं, तुझ्या बोलीत, हवं तेव्हा पुरण घालू शकली असतीस आणि हवं तेव्हा रडू शकली असतीस. एवढं मागणं फार नव्हतं. या एवढ्या शहरात तसं एक घर निघालं नाही.

आता माझं सांगते. ऑफिसात मी कोण हे सगळ्यांना ठाऊक आहे, तिथं माणसाआधी त्याची फाइल पोचते. पण आडनाव असं की त्यावरून काही अंदाज लागत नाही, त्यामुळं बिल्डिंगनं आपल्या सोयीनं काही धरून घेतलं आणि मीही कधी खोडलं नाही. माझ्या लेकीनं मागच्या वर्षी स्कूटीवर निळ्या अक्षरांत जय भीम लिहून आणलं तेव्हा सगळ्यांना कळलं. जिन्यात सगळे पूर्वीसारखेच हसायचे. फक्त संक्रांतीच्या हळदीकुंकवाची बोलावणी येईनाशी झाली. लेक म्हणते बरं झालं, कटकट गेली. तिला खरंच तसं वाटतं, आणि तिच्याकडं बघून मला बरं वाटतं.

पण तू गेलीस तेव्हा हे अजून व्हायचं होतं. तुझं सगळं पडेगावलाच झालं. वंदना झाली, माणसं खूप आली, आपा तर उन्हात शेवटपर्यंत उभी होती. संध्याकाळी मी गारखेड्याला परतले. समोरच्या फ्लॅटमधल्या काकू डबा घेऊन दारात आल्या. म्हणाल्या, लेकीला तीन दिवस असतं, तीन दिवस काही करू नकोस, गॅस पेटवू नकोस, बाहेर पडू नकोस, मुलांचं-नवऱ्याचं आमच्याकडून येईल. माझ्या ओठावर तुझंच वाक्य होतं, माय. आमच्यात नसतं. दोनच शब्द. नवरा माझ्याकडं बघत होता, तोही तेच म्हणणार होता. मी त्याला डोळ्यांनी गप्प केलं आणि डबा घेतला.

मी तीन दिवस सुतक पाळलं. दार लावून घेतलं, खोलीत सतरंजी टाकली आणि बसले. ऑफिसला गेले नाही. कुणी बेल वाजवून काही मागितलं नाही. तीन दिवस मी कुणाचीच कुणी नव्हते, फक्त तुझी लेक होते. बिल्डिंगला कळेल या भीतीनं मी गप्प बसले, असं नवऱ्याला सांगितलं. आबा तेव्हा नव्हतेच, पण भावाला अजून सांगितलेलं नाही. आपल्यातल्या कुणाला सांगायची सोयच नाही, आणि काकूंनाही नाही, म्हणून तुला सांगते. हे कागद वाचायला तू नाहीस म्हणून तर लिहिता येतंय.

भीती नव्हती गं. मला ते तीन दिवस हवे होते. पहिले दोन दिवस मी तुझ्यासाठी रडले. तिसऱ्या दिवशी आजीसाठी रडले, तुझं राहून गेलं होतं म्हणून.